क्रियापदाचं शेपूट

मिलवॉकीत, ग्रंथालयाच्या तळघरात
मी जुन्या फिती संगणकात उतरवते.
आजची फीत बहात्तर सालची, पापुरी नदीकाठची :
आधी कोंबडा, मग कुणाचं तरी खाकरणं,
मग एक म्हातारा, थांबत थांबत,
आणि मागे सलग काहीतरी किसल्याचा आवाज.

"कसावा," दोरालीना म्हणाली. "आजी किसतेय."

वृद्धाश्रमातली रात्रपाळी संपवून
दोन बस बदलून ती आली होती,
बुटांवरचा बर्फ पायपुसण्यावर झाडत.
म्हातारा तिचा आजोबा. आजीची भाषा दुसरी.
"आमच्यात आपल्याच भाषेत लग्न करत नाहीत.
एक भाषा म्हणजे भाऊ-बहीण."
माझ्या फॉर्मवर रकाना होता : मातृभाषा.
ती हसली. "आईची लिहू, की माझी?"

तुयुकात म्हणे
नुसतं 'तो गेला' असं म्हणताच येत नाही.
क्रियापदाला शेपूट लागतं :
डोळ्यांनी पाहिलं, की कानांवर आलं,
खुणांवरून ताडलं, कुणी सांगितलं,
की असंच असणार म्हणून धरून चाललात.
शेपूट चुकलं तर माणूस खोटारडा.

परवाच्या उन्हाळ्यात चुलतभावाचा निरोप आला,
नदी आटली.
"मी इथे ऐकीव शेपूट लावून सांगते.
त्याला पाहिल्याचं लावावं लागलं."

मग तिने डबीवरचं कार्ड उचललं,
पिवळं, टंकलेलं : मरणपंथाला लागलेली भाषा.
"हे कुणी पाहिलं?"
मी म्हटलं, कार्ड इंग्रजीत आहे,
तिथे असं विचारायची रीत नाही.
"आणि तुझ्या भाषेत?"
मी चाचपडले. खिशाच्या शिवणीत
मोड सापडावी तसं सापडलं : म्हणे.
तिने दोनदा जिभेवर घोळवून पाहिलं.
म्हणे. म्हणे.
"लाव," ती म्हणाली.
कार्डावर पेन्सिल चालवायला आम्हाला मनाई आहे.
मी लावलं.

आजोबांचं वाक्य अर्ध्यावर असताना फीत संपली,
किसणं मात्र शेवटच्या खरखरीपर्यंत.
पुन्हा लावू का, विचारायला मान वर केली तर
खुर्ची रिकामी,
पायपुसण्यावर पाणी.
वर जाऊन काचेतून पाहिलं :
थांब्यापर्यंत बुटांचे ठसे, अर्धे बुजत आलेले.

गेली असावी.