सव्वीस आणि सत्तावीसच्या मधे

शिरोड्याच्या बंद पडलेल्या फोटो स्टुडिओत
काचेवर देवी मांडली आहे.
चेहरा पतपेढीच्या जुन्या कॅलेंडरातला,
धड होडीच्या परवान्याचं,
आठ हात: सहा शिवणाच्या मासिकातले,
दोन बस्त्यावच्या आईच्या लग्नाच्या फोटोतले,
पांढऱ्या हातमोज्यांसकट.

बस्त्याव वरून कॅमेरा सांभाळतो. मी हलवते.
एक हात, तांदळाच्या दाण्याएवढा. क्लिक.
अजून एक दाणा. क्लिक.
बारा क्लिकांचा एक सेकंद,
म्हणजे नुसता आशीर्वाद द्यायला
देवीला अख्खी दुपार लागते.

‘पाप लागतला गो,’ आई म्हणाली होती कात्री बघून.
मग तिनंच खळ शिजवून दिली,
मोरचूद घालून, मुंग्या लागू नयेत म्हणून.

आज उजव्या खांद्यावर पाकळी लावली,
देवळात कौलाला लावतात तशी, पाण्यानं.
पण कागदाची, आणि ठरलेली:
चाळिसाव्या चौकटीत पडेल, डावीकडे.
वहीत तसं लिहिलंय.

सव्विसावी झाली. बस्त्याव बॅटरी बदलायला वळला.
खाडीवरून वारं आलं, किंवा आलंही नसेल.
पाकळी सुटली.
उजवीकडे.

पडद्यावर बघाल तर
सव्विसात ती आहे, सत्ताविसात नाही.
पडणं कुठेच नाही.

बस्त्यावनं छातीवर क्रूस काढला,
पुन्हा चिकटव म्हणाला नाही.
मी वहीतली ओळ खोडली.

उजवा कौल म्हणजे हो.
प्रश्न तर
मी अजून विचारलाच नव्हता.