डाग

कॉन्फरन्स बदलली, हे आर्लीन व्होटावाला
कळलं ते मातीवरून.
तीस वर्षं तिनं नेब्रास्काची काळी माती धुतली,
यंदा सप्टेंबरात ओक्लाहोमाहून परतलेल्या कपड्यांनी
मशीनमधलं पाणी तांबडं केलं,
मग एका शनिवारी रबराचे कण,
मोहरीएवढे, मोज्यांच्या शिवणीत दडून.

"तिथं आपला निभाव लागायचा नाही,"
पेट्रोल पंपावर म्हातारे म्हणत होते.
ती काही बोलली नाही. सामने ती बघत नाही.
पण एकाहत्तर नंबरचा टायरेल,
ज्याची जर्सी गेल्या साली कोरी यायची,
आता कोपरापर्यंत गवत घेऊन येतो.

नऊ जिंकले. दोन हरले.
हरल्याचे कपडे जड लागतात म्हणे.
छे, सारखेच. तिनं वजन करून पाहिलंय.

शेवटचा सामना बर्फात, सहाशे मैलांवर.
रात्री तीनला बस आली,
पोरं ओरडत, हेल्मेटं बडवत उतरली,
आणि टायरेल लाँड्रीच्या दारात घुटमळला,
जर्सी छातीशी धरून:
"ही एवढी नका धुऊ. चालेल?"

तिनं हात पुढे केला.
"मोजे तरी दे," म्हणाली.