अर्जदाराचा स्वभाव

लाखांदुरातून जमादार आला,
पिशवीत फाईल, फाईलीत दिवाकर लांजेवार.
म्हणाला, पोलीस पाटीलबाई, एवढं भरून द्या,
पिस्तुलाच्या लायसनचं आहे.

मी आधी चष्मा पुसला.
वय एकोणपन्नास, धंदा राईस मिल,
शस्त्र कशासाठी : धानाच्या हंगामात
रोख रक्कम घेऊन ये-जा, रस्ता जंगलाचा,
जिवास धोका.
हे खरं आहे. मागच्या साली पवनीच्या वळणावर
कुणीतरी लाकूड आडवं टाकलं होतं.

रकाना नऊ : अर्जदाराचा स्वभाव.
पुढे टिंबं, वीतभरही नाहीत.

दिवाकर शाळेत माझ्यामागे दोन वर्गं.
बोडीच्या गाळात म्हैस रुतली तेव्हा
गळ्याइतका तोच उतरला,
म्हैस कुणाची, विचारलंही नाही.
माझ्या नवऱ्याच्या तेराव्याला
दोन पोती तांदूळ आले त्याच्याकडून,
वहीत कुठे मांडले नाहीत.

आणि मिलवरचा हमाल मंसाराम.
काट्यावर वजन चुकलं म्हणून
त्याच्या डाव्या कानाखाली अशी बसली
की अजून त्याला उजवीकडूनच हाक मारावी लागते.
नागपूरच्या दवाखान्यात मालकानंच नेलं,
पैसा मालकानंच लावला.
मंसाराम दोन्ही गोष्टी एकाच दमात सांगतो.

टिंबं मोजली. एकतीस.

संध्याकाळी पुष्पकला आली, दिवाकरची बायको.
झाकलेल्या वाटीत जवसाची चटणी.
पंख्याकडे पाहत बसली बराच वेळ.
"बाई, त्याईनं तीन शर्ट शिवाले टाकले. ढिले.
वरून दिसाले नाही पायजे म्हणते."
"मग?"
"काही नाही. इस्त्री मीच करतो नं."
दारात जाऊन पुन्हा वळली.
"जेवतानी काढून ठेवत असंल का हो मानूस?
का तसाच बसंल ताटावर?"
मला माहीत नव्हतं.
तसा रकाना त्या कागदावर नव्हता.

रात्री लिहिलं :
अर्जदारास राग येतो.
शिक्का वाळला होता,
तोंडाची वाफ देऊन उमटवला.

जमादार वाचून हसला.
राग तर मलेही येते बाई, साहेबालेही येते.
'शांत व मनमिळाऊ' लिहा, सगळे तेच लिहितात.
म्हटलं, सगळे तेच लिहितात
तर छापूनच काहून आणत नाही?
मग त्यानं मिलवर जाऊन चहा घेतला असावा,
कारण दुसऱ्या दिवसापासून
माझ्या धानाचा नंबर शेवटी लागू लागला.

दिवाकर रस्त्यात गाडी हळू करतो,
काच खाली घेत नाही.
एकदाच घेतली, मोहाच्या झाडापाशी.
"तुम्ही मले शाळेपासून वळखता," म्हणाला.
आवाज चढलेला नव्हता.
चढला असता तर बरं झालं असतं.
"म्हणूनच," म्हणायचं होतं.
मी पदर सावरला आणि वाटेला लागले.

दोन महिन्यांनी भंडाऱ्याहून कागद परत आला.
जावक क्रमांक, लाल शाईची रेघ,
'अर्जदारास राग येतो' म्हणजे नेमके काय,
याचा खुलासा सात दिवसांत सादर करावा.
सोबत कोरं पान टाचलेलं.
अख्खं पान, एकही टिंब नाही.

आज सहावा दिवस.
पुष्पकलाची वाटी अजून माझ्याकडेच आहे,
रिकामी परत करायची नसते
आणि भरून काय द्यावं, सुचत नाही.
दुरून हालरचा आवाज, कोंड्याचा वास.
मंसारामला निरोप धाडला होता.
तो आलाय, टोपी मांडीवर ठेवून
ओट्यावर बसलाय, भिंतीला टेकून.
मी पान घेते, पेनचं टोपण काढते,
आणि जागा बदलून
त्याच्या उजव्या अंगाला जाऊन बसते.