धोट्याचं झाड

फूल शेवटी, ऑर्फा स्टॅम्पर म्हणाली.
फुलाला सगळेच भुलतात.
आधी पान घे. शिरा बघ,
कडेपर्यंत धावतात आणि ऐन काठावर
टोकाकडे वळतात,
दरीच्या कडेकडेनं चालणाऱ्या माणसांसारख्या.
आता फाड. आडवं. हलक्या हातानं.

पान दोन झालं, पण खालचा तुकडा पडेना.
कोळिष्टकाहून बारीक पांढरे तंतू
त्याला लोंबकळत धरून होते.
"आमच्या रानात दुसरं कुणी इतकं चिवट नाही,"
ती म्हणाली, आणि तुकडा वाऱ्यावर झुलू दिला.

माझ्याकडे कागद होता, कागदावर रकाने:
उंची, घेर, डाग, वाळक्या फांद्या.
नॉर्थ कॅरोलायनातल्या त्या घळीत
मला आजारी डॉगवुड मोजायला पाठवलं होतं.
उंच ओकांच्या पायाशी
हे मधल्या मजल्यावर राहणारं झाड,
वरून गळून येईल तेवढ्या उन्हावर भागवणारं.
फांद्या आडव्या, थरावर थर,
जणू कुणी हातांवर ताटं घेऊन उभं आहे
आणि पंगत अजून बसलेली नाही.

साल बारीक चौकोनांत तडकलेली.
"मगरीची पाठ," ऑर्फा म्हणाली.
मगर तिनं जन्मात पाहिली नव्हती.

मग फूल.
चार पांढऱ्या पाकळ्या, प्रत्येकीच्या टोकाला खाच,
खाचेशी तपकिरी डाग, इस्त्रीचा चटका बसावा तसा.
"या पाकळ्या नव्हेतच.
पानंच ती, पांढरी झालेली.
हिवाळाभर कळीवर मूठ आवळून बसतात,
बाहेर राहिलेलं टोक थंडीनं करपतं,
तीच ही खाच.
खरी फुलं मधली."
मध्ये हिरवट-पिवळा गुच्छ,
शर्टाच्या बटणाएवढा.
इतकी वर्षं मी पहारेकऱ्यांनाच फूल म्हणत आले होते.

"हे फुललं की थंडी चार दिवस परत येते.
आमच्याकडे त्या थंडीला याच झाडाचं नाव.
ती सरेपर्यंत मका पेरायचा नाही.
व्हर्लिननं एकदा पेरला."
यावर ती बराच वेळ काही बोलली नाही.
"दोनदा पेरला," मग म्हणाली.

तिचे वडील हेच लाकूड तोडून
वीतभर ठोकळे रस्त्यापर्यंत वाहून न्यायचे.
गिरणीवाले धोट्यांसाठी घेत.
घट्ट लाकूड, तुस निघत नाही,
सुतावरून जितकं घासावं तितकं गुळगुळीत होतं.
एकोणिसाव्या वर्षी ती स्वतः मागावर लागली,
बावीस वर्षं, डावा कान त्यातच गेला.
"हाताखालून दिवसभर येरझाऱ्या घालणारा धोटा
आपल्याच डोंगरातला असेल,
हे सुचायला मला निवृत्त व्हावं लागलं."

मी रकाने भरत होते.
जांभळ्या कडांचे डाग, होय.
खालच्या फांद्या वाळलेल्या, होय.
ओढ्याकाठची सावलीतली आठ झाडं: गेली.
हिच्या कुंपणाजवळचं, उन्हातलं: शंका.

ऑक्टोबरात परत गेले.
पानं दारूच्या रंगाची झालेली,
देठांवर लाल फळांचे झुबके, लाखेनं घोटल्यासारखे.
एक मी चावलं आणि लगेच थुंकलं, कडूजहर.
रॉबिन पक्ष्यांचं आमच्याकडे लक्षही नव्हतं.

ऑर्फानं चष्मा कपाळावर ढकलला,
फांदी खाली ओढली.
फळांच्या शेजारीच, करड्या, चपट्या,
छोट्या कांद्यांसारख्या, पुढल्या वर्षीच्या कळ्या,
मुठी मिटून तयार.
"याला तुझ्या कागदावर रकाना आहे?"
नव्हता.
आम्ही दोघींनी मोजल्या. समासात मी लिहिलं: एकेचाळीस.
तिनं पुन्हा मोजल्या, एकोणचाळीसच भरल्या.
मी खोडायला गेले तर म्हणाली, राहू दे,
दोन पलीकडच्या अंगाला असतील.