चादर ओढलेली

पिंजरा म्हणू नका, क्रेट म्हणा,
मारिसेल म्हणाली, दवाखान्यातली नर्स.
क्रेट म्हटलं की मला सोड्याच्या बाटल्या आठवतात.
लसीच्या पुस्तकात जातीच्या रकान्यापाशी ती जरा थांबली,
मग लिहिलं: मिश्र.
कान सलुकीचे, शेपूट कुणाची कुणास ठाऊक.
मिसफाच्या सिमेंट डेपोमागे सापडली,
रंग खारकेचा, म्हणून खारीक.

मबेलाहून आणला तो,
देश सोडून निघालेल्या एका बाईकडून, बारा रियालला.
एका कोपऱ्यातली तार वाकलेली,
आधीच्या कुणाच्या तरी दातांनी.
मृदुलाने तीनदा डेटॉलने पुसला,
तरी खारीक हुंगते ती तोच कोपरा.

पहिल्या दिवशी वाटी दाराबाहेर.
दुसऱ्या दिवशी दारात.
तिसऱ्या दिवशी उकडलेल्या चिकनपायी
पुढचे दोन पाय आत, मागचे दोन पळायच्या तयारीत,
व्याह्यांकडे पहिल्यांदा जेवायला बसल्यासारखी.
मग दार लावायचं. एक मिनिट. मग दोन.
रडत असताना उघडायचं नाही,
गप्प झाली की लगेच उघडायचं.
सोपं आहे, म्हणाली मारिसेल.
तिची दोन मुलं इलोइलोला आजीकडे असतात.

बाहेर जून. रात्री अकरालाही डांबर पंजे भाजतं.
आत खारीक रडते.
खालचे नासरभाई काठीने छत ठोकतात,
एकदाच, सभ्यपणे.
मी गादी ओढून तिच्याशेजारी आडवा.
"उघडायचं नाही हं," मृदुला आतून.
"नाही उघडत."
"तुझा आवाज का असा येतोय?"
एसीचं पाणी बालदीत, टप, टप.

रुवीत पहिल्या वर्षी एका खोलीत आम्ही आठ.
माझा खालचा पलंग.
सुतळीवर चादर टांगली होती मी, निळ्या फुलांची,
तेवढं माझं घर.
ती ओढलेली असली की कुणी हाक मारायची नाही,
त्या खोलीत कायदा असा तेवढा एकच.
पहिल्या रात्री उशीत तोंड खुपसून पडलो होतो,
तर वरून एक हात आला
चादरीच्या फटीतून, दोन बिस्किटं घेऊन.
बोलला काही नाही.
शफीकुल हे नाव दुसऱ्या दिवशी कळलं.

उठलो. कपाटातून एक चादर काढली
(ती नव्हे, ती केव्हाच फाटली),
तिन्ही बाजूंनी टाकली,
आणि तारेतून एक बोट आत.
तिने चाटलं, चावलं,
मग नाक टेकवून ठेवलं.
मुंग्या आल्या तरी बोट तिथंच.

आज सतरावा दिवस.
अजानच्या आधी जाग आली. दार सताड उघडं,
रात्री लावायचं राहूनच गेलेलं.
खारीक आत,
हनुवटीखाली माझा हरवलेला मोजा.
वाकलो, हाक मारणार होतो,
मग लक्षात आलं,
चादर ओढलेली आहे.