हशाची कॅसेट

सांगलीच्या मार्केट यार्डात दिवसभर
हळदीच्या सौद्याच्या चिठ्ठ्या लिहितो,
रात्री त्यांच्याच पाठीवर विनोद.
म्हणून आपल्या बातम्या जरा पिवळ्या पडतात,
असं भूपाल मगदूम म्हणतो
आणि कॅमेऱ्यासमोर कोट खाली ओढतो.
कोट ड्रेपरीवाल्याचा. तीन नाटकांत वकील होऊन आलाय,
एकदाही खटला जिंकलेला नाही.

साडेअकराचं हसतं बातमीपत्र.
खाली भडंगाचं दुकान, वर केबलचं ऑफिस,
खुर्च्या दोन, प्रेक्षक नाही.
हशा कॅसेटमधला.
कुठल्याशा फार्सचा प्रयोग, साल ब्याऐंशी.
थिएटर पोट धरून हसतं,
बाराव्या सेकंदाला एकजण खोकतो.
तो माझा मामा. विड्या फार ओढायचा.
जाऊन एकोणीस वर्षं झाली,
अजून प्रत्येक नगरसेवकावर वेळेवर खोकतो.

परवा नऊ नंबर वॉर्डाच्या आवटीसाहेबांचा फोन :
"तीन आठवडे माझ्यावर एक शब्द नाही.
काय चुकलं का आमचं?
लोक विचारतात, पक्षानं बाजूला सारलं का म्हणून."
भूपालनं त्यांना शुक्रवार दिला.
त्यांनी ब्रेकमध्ये जाहिरात दिली, हात जोडलेली.

शुक्रवारी कॅसेट अडकली.
"आवटीसाहेबांच्या टाकीचं चौथ्यांदा उद्घाटन.
टाकी काठोकाठ भरली, हारांनी.
पाणी आता थेट कृष्णेला पूर आल्यावर,
तेही जिन्यानं."
भूपाल थांबला. हशासाठी.
पंखा.
खाली शटर ओढल्याचा आवाज.
मामासुद्धा गप्प.
भूपालनं चिठ्ठी पुन्हा वाचली,
यावेळी हळू,
निधनवार्ता वाचतात तशी.

सकाळी व्हॉल्व्हमन सन्मती यार्डात, धापा टाकत :
"काय वाचलंसा हो राती?
बायका घागरी घेऊन टाकीवर चढल्यात.
ठोकून बघायलेत. पोकळ वाजतीया."

दुपारी आवटींचा फोन. आवाज ओळखू येईना.
"जाहिरातीचे दुप्पट देतो.
तेवढी कॅसेट दुरुस्त करून घ्या."

घेतलीय. चाकात पेन्सिल घालून
टेप गुंडाळत बसलोय.
खोकल्यापाशी जरा चुरगळलीय,
हळदीच्या बोटांनी सरळ करतोय.
मला काही घाई नाही.