तिसरा रकाना

नऊ मे, दुपारी दोन वाजून दहा मिनिटं.
बाहेर, कडुनिंबाखाली : पंचेचाळीस.
आत, बागेतल्या टिनाच्या खोलीत : त्रेपन्न.
थर्मामीटर शाळेच्या प्रयोगशाळेतला,
निवृत्तीच्या दिवशी शालीत गुंडाळून मीच आणलेला.
सांगून आणला की न सांगता,
ते आता विचारू नये.

दोडक्याचं बी उगवलं नाही, काकडीचं नाही,
गवारीच्या पंधरा दाण्यांतून दोन आले, तेही वाकडे.
खुरप्याची मूठ हातात धरवेना,
पाइपाचं वेटोळं मऊ पडून स्वतःलाच चिकटलेलं.

तेव्हा कवडू मेश्रामला फोन केला.
मानेवाड्यातले निम्मे कूलर त्याच्या हातचे,
मे महिन्यात तो सापडणं कठीण.
तिसऱ्या फोनला आला, तोंडाला पांढरा दुपट्टा,
टिनाला हात लावला, झटक्यात काढला.
"हा तं तवाच आहे ना बे"
आणि मग ते 'बे' गिळून, "मॅडम."

मी म्हटलं, थर्मोकोल थेट टिनाला चिकटवू.
"नाई. चार बोटं जागा सोडा.
मधून हवा हिंडली पायजे.
चिकटून राह्यलं की त्याची आग याले लागते."

बत्तीस वर्षं मी शिकवणाऱ्यांची काचभांडी धुतली,
पण धडा पाठ आहे : वहन, अभिसरण, प्रारण.
कवडूनं तिन्ही सांगितली
एकाचंही नाव न घेता.

इतवारीतून फ्रिजच्या खोक्यांतला थर्मोकोल, किलोच्या भावानं.
बुरडाकडून बांबूचे तट्टे.
हुकांच्या भोकांत डांबर.
पत्र्याच्या नळीत गांधीलमाश्यांचं पोळं निघालं,
त्या दिवशी काम तिथंच थांबलं
आणि कवडूची भुवई दोन दिवस उतरली नाही.
उन्हं कलल्यावर वरून चुन्याचे दोन हात,
चुन्यात फेविकॉल, मूठभर मीठ.
मीठ कशाला, ते त्यालाही माहीत नव्हतं.
त्याचा बाप टाकायचा.

सोळा मे. दोन दहा.
बाहेर सेहेचाळीस. आत एकेचाळीस.
मी एकटीच टाळ्या वाजवल्या.
कवडू कुंड्यांमध्ये पोतं पसरून आडवा झाला,
"पाच मिनटं, मॅडम,"
आणि तासभर झोपला, बूट घालूनच.

उठल्यावर मी विचारलं, तुझ्या घरी वर काय आहे?
"टिन."
आणि टिनावर?
"नगरसेवकाचा फ्लेक्स. उलटा टाकला.
फट आहे ना मधात,
त्यातून त्यो आमच्याकडे पाहून हासते."

पाच शीटं उरली होती.
पश्चिमेच्या भिंतीसाठी ठेवलेली,
भिंतीवर पेन्सिलनं खुणाही केल्या होत्या मी.
त्यानं मागितली नाहीत.
मजुरी मोजली, जास्तीचे वीस रुपये परत दिले.

फाटकाशी मी हाक मारली.
थर्मामीटर घेऊन जा. रात्री अकराला बघ.
"काहून?"
असंच.

सकाळी त्यानं तो दुपट्ट्यातून सोडवून टेबलावर ठेवला.
"चाळीस. माय झोपते तिथं."

माझ्या वहीत दोनच रकाने आहेत, बाहेर आणि आत.
चाळीस कुठल्या रकान्यात लिहायचे?
पट्टी घेतली, आणखी एक रेघ ओढली,
वर लिहायला नाव सुचलं नाही.
शीटं सायकलच्या कॅरिअरला बांधताना सुतळी कमी पडली,
म्हणून दोडक्याच्या मांडवाची सोडून दिली.
तसाही त्यावर काही चढलेलं नव्हतं.

पश्चिमेची भिंत तापतेच अजून.
बी मी घरात आणून ठेवलंय,
फ्रिजच्या दारात, लोणच्याच्या बरणीशेजारी.
तिथं जागा होतीच.